चेंडूमागची बुद्धी : पालवणकर बाळू यांची कारकीर्द



स्मृतिव्याख्यानांतून संत, वीर, समाजसुधारक आणि ग्रंथकार यांची चरित्रे सांगण्याचा आपल्याकडे प्रघात आहे आणि तो योग्यच आहे. परंतु दरमहा ठराविक मुशाहिरा घेऊन दुसऱ्याला चेंडू टाकण्याची चाकरी करणाऱ्या, आणि त्या चाकरीतूनच एका अखिल भारतीय संघाचा मुख्य आधार झालेल्या माणसाचे चरित्र या प्रघातात सहसा बसत नाही. आज ते सांगण्याची मुभा आपण मला दिलीत, याबद्दल मी आपला ऋणी आहे.

अमेरिकेत बेसबॉल नावाचा जो खेळ लोकप्रिय आहे, त्यात पिचर म्हणजे चेंडू फेकणारा हाच सगळ्या खेळाचा कणा असतो. दहा इंच उंचीच्या मातीच्या उंचवट्यावर उभा राहून साठ फूट सहा इंचांवरच्या फलंदाजाकडे तो चेंडू फेकतो. जमिनीचा टप्पा त्याच्या साहाय्याला येत नाही, जे काही करायचे ते हवेतच करावे लागते, आणि म्हणून बोटांची पकड, मनगटाचा झटका व वेगातील फरक यांवर त्याची सारी भिस्त असते. त्या देशात या माणसांना अपार द्रव्य आणि कीर्ती मिळते. उत्तर प्रदेशातले रिंकू सिंग आणि दिनेश पटेल हे दोन तरुण भालाफेकपटू, हातात बेसबॉल घेतल्याला वर्षही झाले नसताना, २००८ साली चेंडूफेकीच्या एका स्पर्धेतून निवडले गेले आणि पिट्सबर्ग पायरेट्स या संघाने त्यांच्याशी करार केला, ही हकीकत आपल्यापैकी काहींनी चित्रपटात पाहिली असेल. परंतु हाताच्या जोरावर पोट भरणाऱ्या आणि त्याच हाताने मान मिळवू पाहणाऱ्या माणसाची खरी कथा शोधायला इतके दूर जाण्याचे प्रयोजन नाही. ती याच पुणे जिल्ह्यात, लष्करी छावणीच्या आवारात, सव्वाशेहून अधिक वर्षांपूर्वी घडली आहे.

पालवणकर बाळू यांचा जन्म १८७५-७६ च्या सुमारास धारवाडास झाला. घराणे कोकणातले, चर्मकार समाजाचे. वडील लष्कराच्या चाकरीत. कुटुंब पुण्यास आले, आणि छावणीतल्या गोऱ्या अधिकाऱ्यांनी टाकून दिलेल्या बॅटी व चेंडू यांवर बाळू आणि त्यांचे धाकटे बंधू शिवराम यांनी खेळाचे पहिले धडे गिरवले. शिक्षण थोडके झाले. पुण्यातल्या पारशी क्रिकेट क्लबात मैदान झाडण्याची आणि खेळपट्टीवर रूळ फिरवण्याची नोकरी त्यांना मिळाली. दरमहा तीन रुपये. सभासदांना सरावासाठी गोलंदाजाची गरज पडली म्हणजे केव्हातरी चेंडू हातात येई. १८९२ च्या सुमारास ते युरोपियनांच्या पूना क्लबात रुजू झाले आणि मुशाहिऱ्यात एका रुपयाची वाढ होऊन तो चार रुपयांवर गेला. तेथे कामाची यादी लांबली: खेळपट्टी लाटणे, तिच्यावर चुन्याच्या रेषा आखणे, सरावाची जाळी उभारणे, टेनिसची आवारे आखून देणे, आणि साहेब लोक आले म्हणजे त्यांना चेंडू टाकणे.

या यादीवर मी थोडा थांबू इच्छितो, कारण माझ्या मते बाळूंचे खरे विद्यापीठ या यादीतच आहे. जो माणूस पहाटे पट्टीवर पाणी मारतो, ती वाळू लागली म्हणजे रूळ ओढतो, कोठली माती दबते आणि कोठली भुसभुशीत राहते हे तळपायाने ओळखतो, त्याला दुपारी चेंडू हाती आल्यावर टप्पा कोठे टाकावा हे कोणी शिकवावे लागत नाही. सभासदांना तीच पट्टी हिरवळीतला एक तपकिरी आयत दिसत असे; तिच्यावरचा प्रत्येक हात-दीड हाताचा तुकडा निरनिराळा आहे हे ज्ञान फक्त चाकराला होते. डाव्या हाताने मंदगती फिरकी टाकणाऱ्याचे सामर्थ्य वेगात नसते. एकाच धावण्यातून, एकाच खांद्याच्या फिरण्यातून तो एक चेंडू फलंदाजापासून दूर वळवतो, दुसरा आत आणतो, तिसरा मुळीच न वळवता सरळ जाऊ देतो. एकाला उंची अधिक देऊन फलंदाजाला पुढे ओढतो आणि दुसरा अंमळ लवकर खाली आणतो. ज्वारीच्या माळ्यावरून गोफण फिरवणारा पोरगा दोरीचे एक टोक नेमके कोणत्या क्षणी सोडतो यावर जसे धोंड्याचे सारे अवलंबून असते, तसे येथे बोटांतून चेंडू सुटण्याच्या त्या एका क्षणावर असते. आणि तो क्षण षटकामागून षटक हवा तसा साधणे हे केवळ हाताचे काम खास नव्हे.

पूना क्लबातील सर्वांत निष्णात फलंदाज कॅप्टन जे. जी. ग्रेग हे होते. हॅम्पशायर परगण्याकडून विलायतेत खेळलेले हे गृहस्थ पुढे लष्कर सोडून कॅथलिक धर्मगुरू झाले. बाळूंची गोलंदाजी खेळायला मिळावी म्हणून ते इतर सभासदांच्या आधी तासभर मैदानावर येत आणि बाळूंनी आपल्याला बाद केले की दर वेळी आठ आणे देत, अशी आख्यायिका आहे. आख्यायिका म्हणूनच ती घ्यावी. परंतु चार रुपये महिन्याच्या माणसाला आठ आणे म्हणजे जवळजवळ चार दिवसांची मजुरी होते, हा हिशेब मांडला म्हणजे त्या जाळीतला एकेक चेंडू किती एकाग्रतेने पडत असेल याची कल्पना येते. मात्र या अगणित तासांत बाळूंच्या हाती बॅट कधी दिली गेली नाही. साहेबाने मारावे आणि चाकराने टाकावे, हा त्या काळच्या क्रिकेटचा अलिखित कायदा होता. खुद्द इंग्लंडातही फलंदाजीची शान हौशी श्रीमंतांकडे आणि गोलंदाजीचे कष्ट बव्हंशी वेतनी खेळाडूंकडे अशी वाटणी असून, एकाच संघातल्या या दोन वर्गांना मैदानात उतरण्याची दारे कित्येक ठिकाणी वेगळी होती. हा भेद कागदोपत्री रद्द व्हायला १९६२ साल संपत यावे लागले. आपल्याकडे त्या वर्गभेदावर जातिभेदाचा आणखी एक थर चढला होता, एवढाच फरक.

पुण्यातल्या हिंदू क्रिकेटपटूंना युरोपियनांना हरवायचे होते. आणि युरोपियनांच्या फलंदाजीची सारी मर्मस्थाने ज्याला ठाऊक, तो माणूस त्यांच्याच शहरात होता. त्याला घ्यावे की घेऊ नये, यावर वाद माजला. ग्रेगसाहेबांनी, जातीचा विचार करून हिंदू मंडळी बाळूंना दूर ठेवतील तर तो शुद्ध मूर्खपणा ठरेल, अशा आशयाचे मत जाहीरपणे दिले, आणि अखेर बाळूंना संघात घेण्यात आले. मैदानात त्यांनी टाकलेला चेंडू सगळ्यांच्या हाताला लागे, त्यात विटाळ नव्हता. परंतु चहाची वेळ झाली की इतर खेळाडू मंडपात बसून चिनी मातीच्या पेल्यातून चहा घेत आणि बाळूंना तो मंडपाबाहेर, मातीच्या टाकाऊ भांड्यातून मिळे. जेवणही निराळे. तोंड धुवायचे झाल्यास मैदानाच्या एका कोपऱ्यात नोकराने वरून पाणी घालावे. आणि मंडपाबाहेर चहा पिऊन आलेला तो माणूस पुन्हा चेंडू हाती घेऊन मंडपात बसलेल्यांना सामने जिंकून देत असे. पुढे एका विजयानंतर न्यायमूर्ती रानड्यांनी भर समारंभात बाळूंच्या गळ्यात हार घातला, ही गोष्ट पुण्याच्या वतीने सांगता येते याचे मला समाधान वाटते. पण हार एका दिवसाचा होता आणि मातीचे भांडे रोजचे होते, हेही त्याच श्वासात सांगितले पाहिजे.

मुंबईस गेल्यावर चित्र पालटले. १८९४ साली स्थापन झालेल्या हिंदू जिमखान्याकडून ते खेळू लागले, बी. बी. सी. आय. रेल्वेत त्यांना नोकरी लागली, आणि फेब्रुवारी १९०६ मध्ये मुंबईत हिंदू आणि युरोपियन यांच्यात तो सुप्रसिद्ध सामना झाला. हिंदूंनी २४२ आणि १६० धावा केल्या. युरोपियनांचे डाव १९१ आणि १०२ धावांत आटोपले आणि हिंदू १०९ धावांनी विजयी झाले. बाळूंनी दोन डावांत मिळून आठ गडी बाद केले. शिवरामही त्या संघात होते. वंगभंगाच्या चळवळीने देश तापलेला असताना राज्यकर्त्यांचा त्यांच्याच खेळात झालेला हा पराभव लोकांना केवढा वाटला असेल हे सांगायला नको. परंतु ‘इंडियन सोशल रिफॉर्मर’ या पत्राने त्याच महिन्यात ज्या गोष्टीकडे लक्ष वेधले ती मला धावसंख्येपेक्षा मोठी वाटते: पुण्यात ज्यांना मंडपाबाहेर बसवले गेले, तेच बंधू मुंबईत सर्व जातींच्या सहकाऱ्यांबरोबर एका पंक्तीला जेवत होते.

१९११ च्या उन्हाळ्यात पहिला अखिल भारतीय संघ विलायतेस गेला. कर्णधार पतियाळाचे तरुण महाराज भूपिंदरसिंग. संघात पारशी, हिंदू आणि मुसलमान. हा दौरा संघाच्या दृष्टीने यशस्वी झाला नाही: प्रथम दर्जाच्या चौदा सामन्यांत दोन विजय, दहा पराभव. महाराजांचे लक्ष इंग्लंडच्या राजाच्या राज्याभिषेकाच्या त्या वर्षात दरबारी समारंभांकडे अधिक होते. अशा विस्कळीत संघात पस्तिशीला आलेले, दुखऱ्या खांद्याचे बाळू गोलंदाजीची एक बाजू जवळजवळ एकट्याने सांभाळत राहिले आणि त्यांनी सर्व सामन्यांत मिळून ११४ बळी घेतले; सरासरी १९ धावांहूनही कमी. केंब्रिज विद्यापीठाविरुद्ध एका डावात १०३ धावांत ८, लिस्टरशायरविरुद्ध सामन्यात ११. आणि लिस्टरशायरचा तो सामना हिंदी संघाने जिंकला. परक्या देशातील थंड हवेत, ओल्या हिरवळीवर, ज्या मातीवर आपण कधी रूळ फिरवला नाही अशा मातीवर हे घडले, हे लक्षात घ्यावे.

परत आल्यावर मुंबईत त्यांच्या समाजबांधवांनी त्यांचा सत्कार केला. त्यांच्या गौरवात पुढाकार घेणाऱ्यांत एल्फिन्स्टन महाविद्यालयाचे एक विद्यार्थी, भीमराव आंबेडकर, होते, असे चरित्रकार सांगतात. अस्पृश्य मानलेल्या समाजात त्या काळी सर्व हिंदुस्थानात ज्याचे नाव घेतले जाई असा पुरुष बाळूच होता, हे ध्यानी घेतले म्हणजे त्या तरुणाच्या आदराचे आश्चर्य वाटत नाही.

आता मी ज्यासाठी हा विषय निवडला त्या मुद्द्याकडे येतो. हिंदू संघातील सर्वांत ज्येष्ठ, सर्वांत यशस्वी आणि विलायत पाहिलेला खेळाडू असूनही बाळूंना कर्णधारपद कधी मिळाले नाही. कर्णधार एम. डी. पै यांनी, ते सारस्वत ब्राह्मण असूनही, १९१३ साली एका समारंभात उघडपणे सांगितले की हा मान खरोखरी आपले ज्येष्ठ मित्र बाळू यांचा होता. पैंच्या या सौजन्याला मी वंदन करतो; निवड समितीवर त्याचा परिणाम झाला नाही. हात मान्य होता, त्या हातामागची बुद्धी मान्य नव्हती. कर्णधाराने करायचे असते काय? प्रतिपक्षाची दुर्बलता हेरायची, क्षेत्ररक्षक कोठे उभे करायचे ते ठरवायचे, वेळ ओळखायची. बाळू ते दर षटकाला करीतच होते. तेच काम हुद्द्यासह करण्याची सनद मात्र त्यांना द्यायची नव्हती.

हा दर्जाचा प्रश्न किती जुना आहे याची साक्ष आपल्या या इनामगावच्या मातीने दिलेली आहे. घोडनदीकाठच्या पांढरीत १९६८ ते १९८३ या काळात डेक्कन कॉलेजचे सांकलिया, ढवळीकर आणि अन्सारी यांनी जे उत्खनन केले, त्यात ताम्रपाषाणयुगातील प्रौढ माणसे घोट्याखालचे पाय तोडून पुरलेली आढळली. आणि एक पुरुष मात्र चार पायांच्या कच्च्या मातीच्या रांजणात, बसलेल्या स्थितीत, पाय अखंड ठेवून पुरलेला सापडला. कोठारालगतचे पाच खोल्यांचे घरही तेथे मिळाले. समाजात मुख्य आणि इतर अशी उतरंड होती, असा निष्कर्ष ढवळीकरांनी अशा पुराव्यांवरून काढला. उतरंड प्राचीन आहे म्हणून ती क्षम्य ठरते, असे मी म्हणत नाही. ती मोडायला काय किंमत पडते हे समजावे म्हणून सांगितले.

१९२० साली, हिंदू, पारशी, मुसलमान आणि युरोपियन संघांच्या चौरंगी स्पर्धेच्या वेळी, ती मोडण्याचा प्रयत्न पालवणकर बंधूंनी केला. बाळूंना संघातून वगळण्यात आले होते. पै आजारी पडल्यावर कर्णधारपद आणखी एक धाकटे बंधू विठ्ठल यांची ज्येष्ठता डावलून प्राध्यापक दि. ब. देवधर यांना देण्यात आले. देवधरांच्या योग्यतेविषयी कोणाचा आक्षेप असण्याचे कारण नव्हते. प्रश्न न्यायाचा होता. विठ्ठल आणि शिवराम यांनी जाहीर निवेदन काढून, जातीच्या कारणावरून झालेला हा अपमान आहे असे स्पष्ट सांगून, खेळण्यास नकार दिला. ज्यांचे पोट चाकरीवर आणि कीर्ती निवडकर्त्यांच्या मेहेरबानीवर अवलंबून, त्यांनी उचललेले हे पाऊल साधे नव्हते. लोकमत त्यांच्या बाजूने उभे राहिले. अंतिम सामन्यासाठी बाळूंना परत बोलावून उपकर्णधार करण्यात आले, परतलेले पै मैदान सोडून गेले असता काही वेळ संघाची सूत्रे त्यांच्या हाती आली, आणि १९२३ साली विठ्ठल हिंदू संघाचे रीतसर कर्णधार झाले. त्या वर्षीचे विजेतेपद हिंदूंचे. विठ्ठलरावांनी पुढे १९४८ साली ‘माझे क्रीडा-जीवन’ हे मराठी आत्मचरित्र प्रसिद्ध केले. या घराण्याची कितीतरी हकीकत त्यामुळे आज आपल्याला उपलब्ध आहे, आणि माझ्या मते ते पुस्तक प्रत्येक तालुक्याच्या वाचनालयात असावयास पाहिजे.

सातासमुद्रापलीकडे हेच प्रकरण वेगळ्या पोशाखात चालू होते. १९०६ साली, म्हणजे बाळूंच्या त्या विजयाच्या वर्षीच, अमेरिकेच्या अलाबामा प्रांतात सॅचेल पेज जन्मला. अनेकांच्या मते तो त्या देशातील सर्वश्रेष्ठ पिचरांपैकी एक; परंतु कृष्णवर्णीय असल्यामुळे गोऱ्यांच्या प्रमुख संघांची दारे त्याला बंद होती. कृष्णवर्णीयांच्या स्वतंत्र संघांकडून, गावोगाव हिंडत, मिळेल त्या मैदानावर तो खेळत राहिला. १९४७ साली जॅकी रॉबिन्सनने ती भिंत फोडली आणि १९४८ च्या जुलैत, वयाच्या बेचाळिसाव्या वर्षी, पेज क्लीव्हलँडकडून प्रमुख संघांत उतरला. त्या वर्षी सहा सामने जिंकले आणि एकच हरला. चेंडू सोडण्यापूर्वी हात क्षणभर अडखळवून फलंदाजाला चकवण्याची त्याची युक्ती तर अधिकाऱ्यांनी नियमबाह्य ठरवली. १९७१ साली त्याला कीर्तिमंदिरात घ्यायचे ठरले तेव्हाही प्रथम वेगळ्या दालनाचा बेत होता. लोकांनी ओरड केल्यावर तो सोडून देण्यात आला. आणि रॉबिन्सन मैदानात उतरल्यानंतर एका कृष्णवर्णीयाने संघाचा व्यवस्थापक, म्हणजे डोके चालवणारा प्रमुख, म्हणून सूत्रे हाती घ्यायला १९७५ साल उजाडले. तो मान फ्रँक रॉबिन्सनला मिळाला. हात आधी, बुद्धी अठ्ठावीस वर्षांनी. पुण्यातला मंडप आणि क्लीव्हलँडचे मैदान यांत मला येथे फारसे अंतर दिसत नाही.

बाळूंच्या राजकीय जीवनाविषयी थोडेच बोलतो, कारण त्याचा न्याय करण्याचा अधिकार माझ्याकडे नाही. १९३२ च्या पुणे करारावर त्यांची सही आहे. १९३७ च्या निवडणुकीत काँग्रेसने त्यांना मुंबईत खुद्द डॉ. आंबेडकरांविरुद्ध उभे केले; आंबेडकरांना १३,२४५ आणि बाळूंना ११,२२५ मते पडली. एकाने दुसऱ्याचा गौरव केलेला, आणि दोघांच्याही आयुष्याची जखम एकच. त्यांना समोरासमोर उभे करणारे राजकारण मला आजही बोचते. ४ जुलै १९५५ रोजी मुंबईत बाळूंचे निधन झाले. भारताने १९३२ साली पहिला कसोटी सामना खेळला तेव्हा त्यांचे वय पन्नाशीच्या पुष्कळ पुढे गेले होते, म्हणून कसोटीपटूंच्या यादीत त्यांचे नाव नाही.

प्रथम दर्जाच्या सामन्यांची त्यांची जी नोंद छापली जाते ती अशी: ३३ सामने, १७९ बळी, सरासरी १५.२१. हे आकडे उत्तम आहेत. पण त्यांतला पहिला सामना १९०५-०६ च्या मोसमातला आहे, म्हणजे तेव्हा बाळू तिशीला पोहोचले होते. बोटांत जोर आणि खांद्यात लवचिकपणा असलेली त्याआधीची सारी वर्षे, ग्रेगसाहेबांना जाळीत आणि युरोपियन संघांना मैदानात सतावणारी वर्षे, या हिशेबात नाहीत. अमेरिकेत कृष्णवर्णीयांच्या संघांचे जुने धावफलक जिज्ञासूंनी स्थानिक वृत्तपत्रांतून एकेक करून गोळा केले. २०२० साली त्या संघटनांना प्रमुख दर्जा मिळाला आणि २०२४ साली ते आकडे अधिकृत दप्तरात सामील झाले. आपल्याकडे हे काम करायला हरकत कोणती? पुण्यात त्या काळी ‘ज्ञानप्रकाश’ आणि ‘केसरी’ निघत होते, मुंबईत इंग्रजी दैनिके होती. शिरूर आणि दौंडहून पुण्यास शिकायला जाणाऱ्या विद्यार्थ्यांपैकी ज्यांना इतिहासाची आवड आहे, त्यांनी १८९२ ते १९०५ या वर्षांचे अंक क्रमाने चाळावेत, सामन्याची तारीख, ठिकाण, प्रतिपक्ष आणि बळी एवढी चार कलमे प्रत्येक वेळी टिपून ठेवावीत, आणि शोधताना हे लक्षात असू द्यावे की त्या धावफलकांत आडनाव छापलेले असेलच असे नाही. इंग्रजी पत्रांत नुसते ‘बाळू’, तेही दर वेळी निरनिराळ्या स्पेलिंगने, आलेले असण्याचा संभव आहे.